इंग्लंडमध्ये राजा सातव्या एडवर्डच्या काळात (१९०१-१०) 'चांगल्या घरच्या बाईनं असं वागू नये' हे झुगारणारी कुणी साधी कामगार बाई होती का?

होती ना, अ‍ॅनी केनी. ओल्डहॅमजवळच्या स्प्रिंगहेडची, १० व्या वर्षापासून अर्धा दिवस कापड गिरणी आणि अर्धा दिवस शाळा, गिरणीतच बॉबिनमध्ये सापडून एक बोट गेलं.

१३ ऑक्टोबर १९०५ ला मँचेस्टरच्या फ्री ट्रेड हॉलमध्ये लिबरल पार्टीची सभा होती, स्टेजवर पक्षाचे पुढारी एडवर्ड ग्रे. बायकांनी आलंच तर गप्प बसायचं, टाळ्या वाजवायच्या, बस. आणि ही उठून विचारते, तुमचं सरकार आलं तर बायकांना मताचा हक्क देणार का? उत्तरच मिळालं नाही म्हटल्यावर खुर्चीवर चढून परत तेच, मग काय, तिला आणि सोबतच्या क्रिस्टाबेल पँकहर्स्टला (तीही मताच्या हक्कासाठी लढणारी) ओढत बाहेर काढलं. दंड भरून घरी जाता आलं असतं पण भरला नाही, ३ दिवस जेल (क्रिस्टाबेलला ७, ती पोलिसावर थुंकलेली).

क्रिस्टाबेल कायदा शिकणारी, खात्यापित्या घरातली. हिचं पोट मात्र मजुरीवर, म्हणून मला तरी हिचीच हिंमत जास्त वाटते. पुढच्याच वर्षी २ पौंड घेऊन याच हक्कासाठी लंडन हलवायला निघाली बाई!