कल्पित जगातली अनुनादाची जादू पटेल अशी कशी रचावी?

तुमच्या जगात प्रत्येक वस्तूला स्वतःचा सूर आहे आणि तो अचूक लावणारा मांत्रिक ती वस्तू फोडू शकतो. कल्पना फार सुंदर आहे, पण तिला मर्यादा घाला. अनुनादात, म्हणजे वस्तूच्या स्वतःच्या लयीत धक्के देऊन तिची कंपनं वाढवण्यात, ऊर्जा फुकट मिळत नाही, ती साठत जाते. झोका मागे येऊन क्षणभर थांबतो, नेमका तेव्हा हलका धक्का द्यायचा. दहा-बारा फेऱ्यांत मोठा माणूसही उंच जातो. म्हणजे मांत्रिकाला ताकद कमी लागेल, दमसास मात्र भरपूर. १८३१ साली इंग्लंडमध्ये ब्रॉटनचा झुलता पूल सैनिक पावलात पाऊल टाकून चालत असताना कोसळला होता.

दुसरी गोष्ट अवमंदनाची, म्हणजे कंपनं विरून जाण्याची, आणि खरी गंमत इथेच आहे. काचेच्या पेल्याला टिचकी मारली की तो बराच वेळ किणकिणतो. ओल्या मातीचा गोळा 'थप्प' करून गप्प बसतो. त्यामुळे तुमच्या जगात स्फटिकाचे मनोरे सर्वात असुरक्षित आणि मातीच्या गढ्या अभेद्य ठरतील. शहाणा राजा सिंहासनाच्या दालनाला लोकरीचं अस्तर लावेल. शिवाय पेल्यात पाणी ओतलं की त्याचा सूर उतरतो. वेढा पडताच पहारेकरी धावत जाऊन स्फटिकाचे हौद भरतात आणि बाहेरच्या मांत्रिकाला सूर पुन्हा पहिल्यापासून शोधावा लागतो, हा प्रसंग मी तरी नक्की लिहिला असता.