चिलखतभेदी, रणगाडाविरोधी आणि आपलं टाकं

परभणीहून भाच्याचा फोन आला. स्पर्धा परीक्षेच्या क्लासमध्ये त्याला ज्या नोट्स मिळाल्या, त्यात एका पानावर ‘चिलखतभेदी क्षेपणास्त्र’ आहे, पुढच्या पानावर त्याच क्षेपणास्त्राला ‘रणगाडाविरोधी’ म्हटलंय आणि तिसरीकडे ‘अँटी-आर्मर’ तसंच सोडून दिलंय. “मामा, हे तिन्ही एकच असतंय का? अन् पेपरात अ चिलखतभेदी, ब रणगाडाविरोधी, क अँटी-आर्मर असे पर्याय आले तर कोणतं धरू?”

एकच नसतंय. पण नोट्सवाल्याला तरी किती बोल लावायचा? मध्यंतरी एका वाहिनीवर खाली पट्टी धावत होती: ‘जवानांना मिळणार चिलखतभेदी जॅकेट’. म्हणजे जॅकेट आपण घालायचं आणि ते शत्रूच्या चिलखतात घुसणार! म्हणायचं होतं ‘गोळीरोधक’. चिलखत, भेदी, रोधक, विरोधी हे चार शब्द एका पोत्यात भरायचे, पोतं हलवायचं आणि हाताला लागतील ते दोन जोडून द्यायचे, अशी सध्या रीत पडली आहे.

तर आधी उत्तर. ‘विरोधी’ हा शब्द शस्त्र कुणावर रोखलंय ते सांगतो, ‘भेदी’ हा ते काम कसं करतं ते सांगतो. मांजर, पिंजरा आणि किराणा दुकानातली गोळी, तिन्ही उंदीरविरोधी. चावणारं त्यात एकटं मांजर. सुरुंग रणगाड्याच्या पट्ट्याखाली फुटला, पट्टा तुटला, गाडा जागेवर बसला. सुरुंग रणगाडाविरोधी खरा, पण चिलखताला त्यानं भोक कुठं पाडलं? ‘अँटी-आर्मर’ला ‘चिलखतविरोधी’ म्हणावं. त्यात रणगाड्याबरोबर सैनिक नेणाऱ्या चिलखती गाड्याही येतात, म्हणून तो ‘रणगाडाविरोधी’पेक्षा ऐसपैस शब्द आहे. ‘चिलखतभेदी’ हे विशेषण मात्र गोळ्याला, गोळीला, बाणाला लावा. तोफेला आणि पथकाला नको. सप्टेंबर १९६५ मध्ये खेमकरण भागात असल उत्तरला अब्दुल हमीद यांनी जीपवरच्या १०६ मिलिमीटरच्या धक्काविरहित तोफेनं पाकिस्तानचे पॅटन रणगाडे फोडले आणि त्यांना मरणोत्तर परमवीर चक्र मिळालं. ती तोफ रणगाडाविरोधी. तिच्यातून सुटून पोलादात शिरणारा गोळा चिलखतभेदी.

इतकं कळलं की निम्मं काम झालं. उरलेलं निम्मं असं, की चिलखत हरवायला ते भेदावंच लागतं असं नाही. तोफेतून सुटणारा टंगस्टनचा बाण खरा भेदी. त्यात स्फोटक काही नसतं. हातभर लांबीचा जड धातू सेकंदाला दीड किलोमीटरच्या वर वेगानं येतो आणि दाभण पोत्यात शिरावं तसा पोलादात शिरतो. पण दुसरा एक गोळा असतो, त्याच्या पुढच्या भागात मऊ स्फोटक भरलेलं असतं. तो पोलादावर आदळला की ते स्फोटक भिंतीवर गोवरी थापावी तसं थापलं जातं आणि मग फुटतं. बाहेरून बघावं तर भोक नाही. पण हादरा पत्र्यातून आरपार जातो आणि आतल्या बाजूचा पोलादाचा पोपडा उडून आतल्या माणसांच्या अंगावर येतो. आमच्या जुन्या घरात बैठकीत खिळा ठोकला की पलीकडच्या खोलीत आजीच्या अंथरुणावर पोपडा पडायचा आणि आजी तिकडून ओरडायची. तेच तत्त्व. इंग्रजीत त्याला स्पॉल म्हणतात. ‘पोपडा’ घरात असताना ‘स्पॉलिंग’ लिहिणाऱ्यांना माझा दंडवत. हा गोळा चिलखतविरोधी आहे, चिलखत निकामी करतो, पण भेदी म्हणाल तर मी खोडून टाकीन.

तिसरी जात ‘हीट’ गोळ्याची, आणि इथं भाच्याच्या नोट्समध्ये कहर आहे. ‘उष्णतेने चिलखत वितळवणारे अस्त्र’ असं छापलंय. अरे, ती इंग्रजी शब्दांची आद्याक्षरं आहेत! हाय एक्स्प्लोझिव्ह अँटी टँक. उष्णतेचा संबंध नावापुरताही नाही. गोळ्यात पुढे तोंड केलेली, नरसाळ्याच्या आकाराची तांब्याची वाटी असते. मागून स्फोट झाला की ती वाटी आतल्या आत मिटते आणि तांब्याची बारीक धार पुढं सुटते. तिचं टोक सेकंदाला आठ ते दहा किलोमीटर जातं. ती पोलाद वितळवत नाही, बाजूला सारते, पाण्याची जोरदार धार चिखल सारते तशी. या विद्येची एक सुरुवात १८८८ सालची. अमेरिकेत चार्ल्स मन्रो हा रसायनज्ञ लोखंडी पत्र्यावर गनकॉटन या स्फोटकाचे ठोकळे ठेवून फोडत होता. ठोकळ्यावर अक्षरं खोदलेली होती. स्फोटानंतर पाहतो तर तीच अक्षरं पत्र्यात खोल उमटलेली! जिथं स्फोटकात पोकळी, तिथं लोखंडात घाव.

खोदीव आकार धातूवर उमटवणं. याला आपल्याकडं फार जुना शब्द आहे: टंक. देवघरातले खंडोबाचे, भवानीचे टाक आठवा, चांदीच्या पत्र्यावर ठोकून उठवलेले. नाणी पाडायची ती टाकसाळ, म्हणजे टंकशाळा. टंकलेखनही तिथलंच. आणि या साऱ्यांच्या मुळाशी संस्कृत ‘टङ्क’ म्हणजे दगड फोडायची छिन्नी, आपल्या पाथरवटाच्या हातातली टाकी. ही टाकी हातात घेतली की माझा हात थांबत नाही, म्हणून भाच्याचा प्रश्न जरा बाजूला ठेवतो. चिलखताचं तेवढं उरकतो.

‘चिलखत’ फारशी वळणाचा आहे. फारशीत ‘चिहल’ म्हणजे चाळीस. चाळीस दिवसांचा तो ‘चिल्ला’. ऐन-इ-अकबरीतल्या शस्त्रांच्या आणि चिलखतांच्या यादीत ‘चिहिलकद’ नावाचा एक अंगावर चढवायचा प्रकार येतो, आणि त्याच्यावरूनच आपलं चिलखत आलं असं मी मानतो. आमच्याकडचे एक निवृत्त प्राध्यापक म्हणतात, फारशी नको, ‘कवचवेधी’ म्हणा. सर, कवच कर्णाला जन्मतः होतं. द्यायची वेळ आली तेव्हा अंगापासून कापून द्यावं लागलं. कासवालाही कवच असतं. चिलखत माणूस चढवतो आणि उतरवतो. १६५९ मध्ये प्रतापगडाखाली शिवाजी महाराज अंगरख्याआड चिलखत घालून गेले, म्हणून खानाचा वार अंगापर्यंत पोचला नाही. त्या दिवसापासून हा शब्द मराठी झाला, आता त्याचं मूळ गाव विचारू नये. ‘वेधी’बद्दल मात्र सरांचं थोडं खरं आहे. कान टोचण्याला आपण कर्णवेध म्हणतो, कर्णभेद म्हणत नाही. बारीक भोक पाडणं म्हणजे वेध, फोडणं म्हणजे भेद. पण ‘चिलखतवेधी’ आता कोण म्हणणार? गेली गाडी.

गाडीवरून गाडा. मराठीनं रणात चालणाऱ्या या यंत्राला ‘रणगाडा’ म्हटलं आणि एका फटक्यात सुतारमेटापर्यंत सगळ्यांना कळलं. आता जगात जर्मनी, भारतात परभणी म्हणायचं तर जर्मनांनी काय केलं पाहा: ते रणगाड्याला ‘पान्झर’ म्हणतात, आणि पान्झर म्हणजे चिलखतच. तो शब्द जुन्या फ्रेंचमधून आला आणि त्याच्या तळाशी आहे पोट! पोट झाकायचं ते चिलखत. गंमत अशी, की रणगाड्याचा सगळ्यात पातळ पत्रा असतो तो सहसा पोटाला किंवा डोक्यावर. म्हणून तर ‘नाग’सारखी क्षेपणास्त्रं वर चढून डोक्यावर उतरतात.

आणि इंग्रजांनी काय म्हटलं? ‘टँक’. टाकी. लढाईच्या यंत्राला हौदाचं नाव! पहिल्या महायुद्धात हे यंत्र गुपचूप बनवायचं होतं. कारखान्यात पोलादाचे एवढे मोठे डबे कसले म्हणून कुणी विचारलं, तर पाणी वाहून नेण्याच्या टाक्या, असं सांगायचं ठरलं. १५ सप्टेंबर १९१६ ला फ्रान्समधल्या सोमच्या लढाईत फ्लेर्सजवळ ते प्रथम चालून गेलं, तेव्हा गुपित फुटलं, पण टोपणनाव चिकटलं ते चिकटलंच.

आता मूळ प्रश्न (माझा, भाच्याचा नव्हे): इंग्रजीत हा ‘टँक’ आला कुठून? एक पक्ष म्हणतो, पोर्तुगीज ‘तांके’, म्हणजे अडवलेलं पाणी, तळं, त्यामागं लॅटिन. दुसरा पक्ष म्हणतो, गुजराती ‘टांकुं’ आणि मराठी ‘टाकं’. १८८६ च्या ‘हॉब्सन-जॉब्सन’ या अँग्लो-इंडियन शब्दांच्या कोशात दोन्ही बाजू समोर मांडल्या आहेत. मी दुसऱ्या पक्षात, आणि नुसता बसलेलो नाही, झेंडा घेऊन उभा आहे. पोर्तुगीजांकडं त्यांचा शब्द होता, मान्य. पण गोव्यापासून गुजरातपर्यंत ज्या किनाऱ्यावर ते उतरले, तिथं घरोघरी, गडोगडी टाकं होतं. या किनाऱ्यावर इंग्रज व्यापारी पहिल्यांदा बसला तो सुरतेला, लिस्बनला नव्हे. त्याच्या कानावर दिवसातून दहा वेळा काय पडत असेल? युरोपातल्या व्युत्पत्तीकारांना एक खोड आहे. लॅटिनपर्यंत दोरी पोचली की ते विहिरीत डोकावतच नाहीत.

याच्याही पुढं जाऊन मी म्हणतो, की टाकं हे नावच टाकीवरून पडलं. टाकीनं कोरलं ते टाकं. मराठीत ‘टाकी’ हा एकच शब्द छिन्नीलाही आहे आणि पाणी साठवायच्या भांड्यालाही, हा निव्वळ योगायोग मानायला माझं मन घेत नाही. यावर एका जाणकार मित्रानं मला कोंडीत पकडलं. म्हणाला, कान्हेरीच्या, जुन्नरच्या प्राचीन लेखांमध्ये पाण्याच्या कोरीव टाक्याला ‘पोढी’ म्हटलंय, तुझं टाकं कुठंय? बरोबर आहे, लेखात पोढी आहे. पण लेख दान देणाऱ्यानं लिहवून घेतला, टाकं कोरणाऱ्यानं नाही. सरकारी कागदावर लिफ्टला ‘उद्वाहक’ लिहिलेलं असतं म्हणून कुणी उद्वाहकानं वर जातं का? मित्र म्हणतो, हा पुरावा नव्हे. नसेल. दौलताबादला जा, ताशीव कड्याला हात लावून बघा. टाकीचा एकेक तिरका घाव अजून बोटाला लागतो. त्या कातळात पाण्यासाठी जे कोरलं, त्याला तिथला पाथरवट काय म्हणाला असेल, ते त्या घावांना विचारा.

लहानपणी आमच्या गल्लीत पाट्या-वरवंट्याला टाकी लावणारी बाई यायची. आई गुळगुळीत झालेला पाटा ओसरीवर आणून ठेवायची. बाई मांडी घालून बसायची, डोळे बारीक करून टाकीवर हातोडी मारायची, टक् टक् टक्, आणि दगडाचे कण चहूकडं उडायचे. आम्हां पोरांना ती हातानंच मागं सारायची: “डोळ्यात जाईल, सरका.” कठीण पृष्ठावर टोकदार कठीण वस्तू जोरात मारली की काय होतं, याचं सगळं शिक्षण मला त्या ओसरीवर मिळालं. टंगस्टनचा बाण म्हणजे मोठी टाकी. ज्याच्यावर ती चालते तो टँक, म्हणजे टाकं. सासर-माहेर एकच.

आणि चक्र कसं फिरलं पाहा. इंग्रजांनी रणगाड्याला खोटं नाव दिलं ते पाणी वाहून नेणाऱ्या डब्याचं. आमच्या मराठवाड्यात तोच शब्द ‘टँकर’ होऊन खऱ्या पाण्यासकट परत आला. मार्च लागला की वाडीवस्तीवर त्याची वाट बघतात, लोक भागालाच ‘टँकरवाडा’ म्हणून मोकळे होतात. २०१६ च्या एप्रिलमध्ये लातूरला मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं, तेव्हा डब्यांच्या त्या लांबच लांब रांगेकडं बघून माझ्या मनात हेच आलं होतं, की याच वाहनाचं सोंग घेऊन ते यंत्र सोमच्या लढाईत उतरलं होतं. बायकोनं त्या दिवशी मला दोनदा हौद घासायला लावला, व्युत्पत्ती ऐकून घेतली नाही.

तर भाच्याच्या नोट्समधलं ते क्षेपणास्त्र. २२ सप्टेंबर २०२० ला शेजारच्या नगर (आताच्या अहिल्यानगर) जिल्ह्यात, के. के. रेंज या लष्करी सराव मैदानावर, अर्जुन रणगाड्यातून लेझरनं दिशा दाखवलेलं क्षेपणास्त्र डागलं गेलं आणि त्यानं ३ किलोमीटरवरचं लक्ष्य टिपलं. त्याबद्दल दोन्ही शब्द चालतात, पण वेगवेगळ्या जागी. क्षेपणास्त्र रणगाडाविरोधी. त्याच्या नाकातलं स्फोटकशीर्ष चिलखतभेदी. त्यात एकामागं एक असे दोन स्फोट असतात, पहिला रणगाड्यावर बाहेरून लावलेलं, मारा होताच फुटून त्याला उधळणारं स्फोटक चिलखत उडवायला, दुसरा आत शिरायला. हे सगळं मी फोनवर पाऊण तास सांगितलं. टाकं, पान्झर, आजीचा पोपडा, काही सोडलं नाही.

पलीकडून बराच वेळ नुसता पंख्याचा आवाज. मग भाचा म्हणाला, “मामा, मग पर्याय ब का क?”

ब. मधे जागा न सोडता, जोडून छापला असेल तर.