भाचा अमेरिकेत कॉलेज फुटबॉल खेळतो, डिफेन्सिव्ह एंड आहे. गेल्या मोसमात फक्त ३ सॅक. एनएफएलची, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगची, आशा धरावी का?

तुम्ही लिहिलंय की बहिणीचा मुलगा तिसऱ्या वर्षाला आहे, एका लहान विद्यापीठाच्या संघातून खेळतो, आणि ३ सॅकचा, म्हणजे बॉल फेकणाऱ्याला फेकण्याआधीच पाडण्याचा, आकडा बघून घरात 'पुरे झालं आता, अभ्यासाला लाग' सुरू झालंय. माझ्या मते ३ सॅक हे आशा सोडायचं कारण नाही. दुसरी कारणं असू शकतात, त्यांच्याकडे पुढे येतो.

मी मॅडिसनला, म्हणजे विस्कॉन्सिन विद्यापीठाच्या गावात राहतो. मोसमातल्या शनिवारी इथल्या कॅम्प रँडल स्टेडियममध्ये पाऊण लाखाच्या आसपास माणूस जमतं. बहुतेकांची नजर बॉलवर असते, माझी मात्र कडेच्या त्या गड्यावर. या जागेवर माझा फार जीव आहे, म्हणून उत्तर थोडं लांबेल.

आधी तो करतो काय, ते घरच्यांना कळू दे. बचावाच्या पुढच्या फळीत अगदी टोकाला उभा असतो तो डिफेन्सिव्ह एंड. एक हात जमिनीला टेकलेला, कंबर उचललेली, नजर बॉलवर. पलीकडचा क्वार्टरबॅक, म्हणजे बॉल फेकणारा, आवाज चढवून, थांबून, पुन्हा ओरडून त्याला फसवू बघतो. आवाजाला भुलून आधी हलला तर ५ यार्डांचा दंड. म्हणून कानावर भरवसा ठेवायचा नाही, बॉल हलला की सुटायचं. समोर त्याला अडवणारा प्रतिस्पर्ध्याचा टॅकल असतो, १४० किलोच्या घरातला, लांब हातांचा. तो मागे सरकत याच्या छातीवर पंजे रोवायला बघतो, आणि ते एकदा नीट बसले की ती खेळी याच्यापुरती संपली. तेव्हा पंजे पोचायच्या आत मनगटावर फटका, लगेच खांदा खाली, आणि टॅकलच्या बाहेरून वळण. वळताना अंग इतकं कलतं की आतला हात गवताला लागतो, तरी वेग तुटता कामा नये. क्वार्टरबॅक साधारण अडीच सेकंदांत बॉल सोडतो, त्यामुळे हे सगळं तेवढ्यात उरकायचं. बॉल सुटायच्या आत त्याला मागेच पाडलं तर तो सॅक. अर्ध्या सेकंदाने उशीर झाला तर तीच मेहनत, तीच धाव, आणि नावापुढे काहीच नाही.

आणि हे झालं फक्त बॉल फेकायच्या खेळीचं. प्रतिस्पर्धी बॉल घेऊन पळायला निघतो तेव्हा एंडला आपली कड सोडता येत नाही. कबड्डीतला कोपरारक्षक जसा चढाईपटूने पाय पुढे केला म्हणून लगेच झेपावत नाही, थांबतो, त्याला आत येऊ देतो, तसंच. एंड आत धावला आणि बॉल बाहेरून गेला, तर अख्खा बचाव उघडा पडतो. कित्येक प्रशिक्षक आपल्या एंडला मोसमभर हेच काम देतात: कड धर, सॅक दुसऱ्याला मिळू दे. तुमच्या भाच्याला कुठलं काम दिलंय, हे कळल्याशिवाय त्या ३ आकड्याला अर्थ नाही.

दोन नावं सांगतो, घरी वाद झाला तर ही पुरेत. व्हर्नन गोल्स्टनने २००७ मध्ये ओहायो स्टेटकडून १४ सॅक केले, तेव्हा तो त्या विद्यापीठाचा विक्रम होता. अंगात ताकद अफाट. २००८ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनएफएलचे संघ पाळीपाळीने कॉलेजचे खेळाडू निवडतात त्यात, न्यूयॉर्क जेट्सनी त्याला सहाव्या क्रमांकावर उचललं. तीन मोसम तो त्यांच्याकडे होता आणि त्या तीन मोसमांत त्याला एकही सॅक मिळाला नाही. दुसरा डनील हंटर, एलएसयूचा, म्हणजे लुइझियाना स्टेट विद्यापीठाचा. कॉलेजच्या शेवटच्या मोसमात त्याचे सॅक होते दीड. अख्ख्या कॉलेज कारकिर्दीत साडेचार. मिनेसोटा व्हायकिंग्जनी २०१५ मध्ये त्याला तिसऱ्या फेरीत, ८८ व्या क्रमांकावर घेतलं, कारण त्याची उंची, हात, धावण्याचा वेग आणि धावणाऱ्याला रोखण्याचं काम त्यांनी नीट पाहिलं होतं. २०१८ आणि २०१९ मध्ये त्याने प्रत्येकी साडेचौदा सॅक केले आणि ५० सॅक गाठणारा तो सर्वांत तरुण खेळाडू ठरला.

(सॅकचा अर्धा भाग असतो, कारण दोघांनी मिळून पाडलं तर दोघांना अर्धा-अर्धा लावतात.)

आता आमच्याकडचं उदाहरण. जे. जे. वॉट हा इथून तासाभराच्या अंतरावरच्या पिवॉकीचा. वडील अग्निशमन दलात. २००७ मध्ये तो सेंट्रल मिशिगनला शिष्यवृत्तीवर गेला, तोही टाइट एंड म्हणून, म्हणजे आक्रमणाच्या बाजूने. पूर्ण मोसमात ८ झेल, ७७ यार्ड. पुढे त्याला टॅकलच्या जागेवर खेळवायचं प्रशिक्षकांच्या मनात होतं. त्याने शिष्यवृत्तीवर पाणी सोडलं आणि विस्कॉन्सिनला वॉक-ऑन म्हणून आला. वॉक-ऑन म्हणजे संघात घेतात, पण फी तुमची तुम्ही भरायची. मधल्या काळात तो पिझ्झा हटमध्ये घरोघरी पिझ्झा पोचवायचं काम करत होता.

विद्यापीठ बदलल्यामुळे तेव्हाच्या नियमाप्रमाणे २००८ चा सगळा मोसम त्याला सामना खेळता आला नाही. तो स्काउट टीममध्ये होता. पुढच्या शनिवारी जो प्रतिस्पर्धी येणार त्याची नक्कल करून आपल्या मुख्य संघाला सराव द्यायचा, हे स्काउट टीमचं काम. प्रेक्षक नाहीत, आकडे नाहीत, टीव्ही नाही. समोर मात्र देशातल्या उत्तम टॅकलांची फळी. त्यातला गेब करीमी पुढे कॉलेजमधल्या सर्वोत्तम फळीपटूला मिळणारी २०१० ची आउटलँड ट्रॉफी जिंकला. वॉट तिथे रोज भिडत राहिला आणि वर्षाअखेर स्काउट टीमचा सर्वोत्तम खेळाडू ठरला. मला विचाराल तर त्याच्या घडणीतलं सर्वांत मोलाचं वर्ष तेच.

२००९ मध्ये तो मैदानात उतरला, साडेचार सॅक. २०१० मध्ये ७. सात म्हणजे काही डोळे दिपवणारा आकडा नव्हे. पण त्याच मोसमात त्याने २१ वेळा प्रतिस्पर्ध्याला खेळी सुरू झाली त्या रेषेच्या मागेच पाडलं होतं. याला टॅकल फॉर लॉस म्हणतात (इथे टॅकल म्हणजे पाडणं), आणि एंडचं मोजमाप करायला मी सॅकच्या आधी हा आकडा बघतो. त्या ऑक्टोबरात पहिल्या क्रमांकावरचा ओहायो स्टेट इथे येऊन ३१-१८ ने हरला, तेव्हा वॉट त्यांच्या फळीत सारखा घुसत होता. २०११ च्या ड्राफ्टमध्ये ह्यूस्टन टेक्सन्सनी त्याला अकराव्या क्रमांकावर घेतलं. २०१२ मध्ये साडेवीस सॅक, २०१४ मध्ये पुन्हा साडेवीस, वर्षातला सर्वोत्तम बचावपटू हा मान तीनदा. २०२२ च्या मोसमानंतर निवृत्त झाला तेव्हा एकूण सॅक एकशे साडेचौदा. २०१२ मध्ये त्याने १६ पास हाताने अडवले, तेही फळीत उभं राहून. क्वार्टरबॅकपर्यंत पोचता येत नाही असं दिसलं की तो जागेवर थांबून उडी मारायचा आणि हात वर करायचा. भाच्याला हे दाखवा. हे शिकता येतं आणि त्याला मोठं विद्यापीठ लागत नाही.

वॉटची वाट आज तशीच्या तशी मोकळी नाही, हेही सांगायला हवं. २०२५ पासून बहुतेक मोठ्या विद्यापीठांच्या संघांवर १०५ खेळाडूंची मर्यादा आली. पूर्वी वॉक-ऑन धरून याहून बरीच जास्त पोरं असायची, त्या जागा गेल्या. उलट बाजूने, विद्यापीठ बदलणं सोपं झालंय. ट्रान्सफर पोर्टलमध्ये, म्हणजे विद्यापीठ बदलू पाहणाऱ्यांच्या यादीत, नाव घातलं की दुसरे संघ बोलू शकतात आणि वर्षभर बाहेर बसावं लागत नाही. लहान विद्यापीठातल्या चांगल्या एंडला मोठ्या संघांकडून विचारणा होते ती इथूनच. पण मोठ्या संघात जाऊन बाकावर बसण्यापेक्षा लहान संघात प्रत्येक खेळी खेळलेली बरी, असं माझं ठाम मत आहे. मॅक्स क्रॉस्बी ईस्टर्न मिशिगनमधूनच थेट गेला. २०१९ मध्ये चौथ्या फेरीत, १०६ वा. पहिल्याच मोसमात १० सॅक. चांगला खेळ कुठेही असला तरी निवडणारे तिथवर पोचतात, फिल्म, म्हणजे सामन्यांचं चित्रीकरण, सगळ्यांना मिळते.

घाई मात्र करू नये. एनएफएलच्या ड्राफ्टला पात्र व्हायला शाळा संपून तीन वर्षं व्हावी लागतात, म्हणजे भाचा तिसऱ्या वर्षानंतर नाव देऊ शकतो. देऊ शकतो म्हणून द्यावं असं नाही. मिशिगनचा एडन हचिन्सन २०२० मध्ये तिसऱ्या सामन्यात घोटा मोडून बाहेर पडला, त्या मोसमात त्याचे सॅक शून्य. तो थांबला, चौथं वर्ष खेळला, १४ सॅक करून विद्यापीठाचा विक्रम मोडला आणि २०२२ मध्ये डेट्रॉइट लायन्सनी त्याला दुसऱ्या क्रमांकावर घेतलं. लवकर निघायचा विचार असेल तर प्रशिक्षकांमार्फत एनएफएलच्या सल्लागार समितीचं मत मागवता येतं. ती समिती पहिली फेरी, दुसरी फेरी किंवा कॉलेजातच राहा, एवढंच कळवते. तिसरं उत्तर आलं तर मनाला लावून न घेता राहायचं. आणि कुणी एजंट गोड बोलून सही मागायला आला तर आधी विद्यापीठाच्या कार्यालयात विचारायचं, कारण व्यावसायिक करारासाठी एजंट नेमला की कॉलेजातून खेळण्याची पात्रता जाते.

२०२१ च्या जुलैपासून कॉलेजच्या खेळाडूंना आपल्या नावावर आणि प्रतिमेवर पैसे कमावता येतात, त्यामुळे चौथं वर्ष राहणं पूर्वीइतकं जड जात नाही. भाचा विद्यार्थी व्हिसावर असेल तर मात्र असा एक डॉलर घेण्याआधी परदेशी विद्यार्थ्यांच्या कार्यालयाला विचारायलाच हवं. त्यात व्हिसा अडचणीत येऊ शकतो.

आता मघाशी म्हटलेली दुसरी कारणं. दरवर्षी ड्राफ्टच्या ७ फेऱ्यांत अडीचशेच्या थोडे वर खेळाडू निवडले जातात, आणि ते सगळ्या जागांवरचे. कॉलेजच्या खेळांची संघटना असलेल्या एनसीएएच्या स्वतःच्या अंदाजानुसार पात्र खेळाडूंपैकी शंभरात दोघेसुद्धा व्यावसायिक संघात पोचत नाहीत. निवड न झालेल्यांना सराव शिबिरात संधी मिळते, पण तिथे नव्वदाच्या घरात पोरं असतात आणि मोसमाआधी ५३ उरतात. २०२५ मध्ये नवोदिताचा किमान पगार ८ लाख ४० हजार डॉलर होता, पण तो त्या ५३ मध्ये राहिला तरच.

शरीराचा प्रश्न त्याहून मोठा. भाच्याची उंची सव्वासहा फुटांच्या आसपास नसेल, हात आखूड असतील, पहिले १० यार्ड धावायला वेळ लागत असेल, तर व्यावसायिक संघ त्याला एंड म्हणून क्वचितच बघतात. मग त्याने आत्ताच लाइनबॅकरची, म्हणजे फळीच्या मागे उभ्या राहणाऱ्या बचावपटूची, कामं शिकायला घ्यावीत. दुखापतींचंही तेच. वॉटसारख्याचे २०१६ आणि २०१७ हे दोन मोसम पाठीच्या शस्त्रक्रियेने आणि पायाच्या हाडाने खाल्ले, मिळून फक्त ८ सामने झाले. डोक्याला मार बसला आणि गरगरलं, तर लपवायचं नाही हे त्याला मामा म्हणून तुम्ही सांगा. ही पोरं आईवडिलांना सांगत नाहीत, संघातली जागा जाईल या भीतीने.

पदवीबद्दल ताईंची काळजी रास्त आहे, पण कॉलेज फुटबॉल खेळायचं तर वर्ग आणि क्रेडिट टिकवावेच लागतात, नाहीतर मैदानात उतरू देत नाहीत. अभ्यास सोडून फुटबॉल असा पर्यायच तिथे नसतो.

तेव्हा पुढच्या वेळी फोनवर 'किती सॅक?' विचारू नका. त्याला विचारा, सामन्यात किती खेळींना मैदानात असतो. टॅकल फॉर लॉस किती. क्वार्टरबॅकला घाईने बॉल सोडायला किती वेळा लावलं. चौथ्या क्वार्टरमध्ये दमल्यावर हात टॅकलच्या आत पोचतात की बाहेर राहतात. प्रशिक्षकांनी त्याला कड धरायला सांगितलंय की थेट घुसायला. दोन-तीन सामन्यांची फिल्म त्याच्याकडे नक्की असेल. उत्तरं आणि फिल्म दोन्ही मिळाली तर इथेच लिहा, मी बघून माझं मत कळवतो.