खुळखुळा का वाजला नाही?

प्रश्न : पटकथालेखन शिकते आहे. गुलजार यांची गाणी तोंडपाठ आहेत, पण लेखक-दिग्दर्शक म्हणून त्यांचे सिनेमे अभ्यासायचे तर सुरुवात कुठून करू?

‘कोशिश’पासून (१९७२). दिग्दर्शक बिमल रॉय यांच्याकडे साहाय्यक, मग ‘आनंद’चे संवाद, १९७१ मध्ये ‘मेरे अपने’चं दिग्दर्शन, असा त्यांचा प्रवास. संवादांवर एवढी हुकमत असलेल्या माणसाने पुढच्याच वर्षी मूकबधिर जोडप्याची गोष्ट घेतली. पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना याच सिनेमासाठी मिळाला.

त्यातला खुळखुळ्याचा प्रसंग आवाज बंद करून बघा. बाळ खुळखुळ्याकडे वळून बघत नाही. यालाही ऐकू येत नाही की काय, या भीतीने आईबाप हादरतात. डॉक्टरांकडे उलगडा होतो : बाळ ठणठणीत आहे, खुळखुळाच वाजत नाही! हे आईबापांना कळणार तरी कसं? त्यांचा गैरसमज लेखकाने वरून लादलेला नाही, तो त्यांच्या परिस्थितीतूनच आलाय. आपला प्रसंग लिहून झाला की हीच कसोटी लावा. दुसऱ्या कुठल्याही पात्रांवर तो तसाच घडू शकत असेल, तर तो अजून कच्चा आहे.

प्रश्न : ‘दो दूनी चार’ आणि ‘अंगूर’ची गोष्ट एकच. मग दुसऱ्यांदा काय साधलं?

दोन्हींच्या मुळाशी शेक्सपिअरचं ‘कॉमेडी ऑफ एरर्स’ हे नाटक : ताटातूट झालेल्या जुळ्यांच्या दोन जोड्या, मालकांची आणि नोकरांची. एक मालक-नोकर गावातच राहतात, त्यांचे जुळे भाऊ तिथे पाहुणे म्हणून येतात आणि लोक त्यांनाच आपले समजतात. १९६८ चा ‘दो दूनी चार’ गुलजार यांनी लिहिला होता, दिग्दर्शन देबू सेन यांचं होतं. तो चालला नाही. १९८२ मध्ये ‘अंगूर’चं दिग्दर्शन त्यांनी स्वतः केलं.

अशा कथेत एक मोठं भगदाड असतं. अनोळखी गावात जो तो ओळख दाखवतोय, तर आपल्यासारखाच दुसरा कुणी इथे असेल, हे नायकाच्या डोक्यात येत कसं नाही? इथे लेखक अडखळला की पात्रं बावळट वाटू लागतात आणि हसू आटतं. ‘अंगूर’मधला पाहुणा अशोक गुप्तहेरकथांचा वेडा आहे, शिवाय बाग घ्यायला आणलेली रोकड त्याच्याजवळ आहे. त्यामुळे ओळख दाखवणारा प्रत्येक जण त्याला लुटारूंच्या टोळीतलाच वाटतो. लोक जितकी माया लावतात, तितका तो घाबरतो. भगदाड बुजलं, आणि विनोदही तिथूनच निघाला.

सिनेमा बघताना कागदावर तीन रकाने आखा : प्रेक्षकाला काय ठाऊक, पाहुण्याला काय, घरच्यांना काय. दर प्रसंगाला एक ओळ भरा. प्रेक्षकाचा रकाना सुरुवातीपासून भरलेला दिसेल. जुळ्यांचं गुपित त्याच्यापासून लपवलेलंच नाही.

त्यानंतर ‘इजाज़त’ (१९८७) घ्या आणि विभक्त नवरा-बायको जिथे पुन्हा भेटतात, त्या स्टेशनच्या वेटिंग रूममध्ये कथा किती वेळा परतते तेवढंच मोजा.