वाचकांचे प्रश्न : गृहकर्जाची खरी किंमत

या वेळी आलेल्या पत्रांपैकी पाच पत्रे गृहकर्जाच्या खर्चाविषयी आहेत. प्रत्येकाच्या कर्जाचे आकडे वेगळे असल्यामुळे सर्व उत्तरांसाठी एकच उदाहरण घेतले आहे : मुद्दल १,००,०००, व्याजदर वार्षिक ९ टक्के, मुदत २० वर्षे म्हणजे २४० हप्ते, आणि व्याजाची आकारणी दरमहा घटत्या शिलकेवर. या कर्जाचा मासिक हप्ता ८९९.७३ येतो, आणि २४० हप्त्यांची बेरीज २,१५,९३४ होते. चलनाचे नाव मुद्दाम घातलेले नाही, कारण दर आणि मुदत तीच असेल तर प्रमाण बदलत नाही. ज्याचे कर्ज या रकमेच्या वीसपट आहे त्याने प्रत्येक रकमेला विसाने गुणावे.

प्रश्न : आम्ही पाच वर्षांत एकही हप्ता चुकवलेला नाही. भरलेली रक्कम कर्जाच्या निम्म्याहून अधिक झाली आहे, पण उतारा मागवला तेव्हा मुद्दल जेमतेम ११ टक्क्यांनी कमी झालेले दिसले. कर्ज देणारे आपले व्याज आधी वसूल करून घेतात, असे ऐकले होते. आमची फसवणूक झाली आहे का?

उत्तर : उतारा बरोबर आहे आणि फसवणूक झालेली नाही. मात्र ‘व्याज आधी वसूल करतात’ ही समजूत इतकी रुजलेली आहे की तिचा उलगडा सावकाश करायला हवा. पहिल्या महिन्यात आपल्याकडे पूर्ण १,००,००० चे कर्ज असते. त्यावर ९ टक्क्यांचा बारावा भाग म्हणजे ७५० इतके व्याज होते. हप्ता साधारण ९०० चा असल्यामुळे मुद्दलात जमा व्हायला केवळ १५० उरतात. दुसऱ्या महिन्यात व्याज ९९,८५० वर आकारले जाते आणि ते पहिल्या महिन्यापेक्षा एक-सव्वा एककानेच कमी भरते. तेवढीच भर मुद्दलाच्या वाट्यात पडते. पुढे दर महिन्याला हेच घडत राहते. व्याज उतरणीला लागते, पण ती उतरण सुरुवातीला जवळजवळ सपाट असते.

पाच वर्षांत ६० हप्ते मिळून ५३,९८४ भरले जातात, त्यांपैकी ४२,६९१ व्याजात आणि ११,२९३ मुद्दलात जातात. आता हेच दुसऱ्या बाजूने पाहा. या पाच वर्षांत आपल्याकडे सरासरीने सुमारे ९४,९०० इतके मुद्दल वापरात होते, आणि तेवढ्या रकमेचे ९ टक्क्यांनी पाच वर्षांचे व्याज ४२,७०० च्या आसपासच होते. म्हणजे कोणीही पुढच्या महिन्यांचे व्याज आधी घेतलेले नाही. जेवढी रक्कम जितके महिने वापरली, तेवढ्याचेच भाडे आपण दिले आहे. हे एकदा ध्यानात आले की गृहकर्जाचा खर्च कशाने वाढतो आणि कशाने कमी होतो, हे दुसऱ्या कोणाला विचारण्याची फारशी गरज राहत नाही.

या कर्जात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो १४९ व्या हप्त्यात, म्हणजे तेराव्या वर्षात. निम्मे मुद्दल फिटायला १४ वर्षे लागतात आणि उरलेले निम्मे सहा वर्षांत फिटते. कर्ज घेतानाच हप्त्यांचा संपूर्ण तक्ता मागून घ्यावा आणि त्यातला ‘शिल्लक मुद्दल’ हा एकच रकाना वर्षावर्षाने वाचून काढावा, असे मी प्रत्येकाला सुचवतो. आपण तो तेव्हाच पाहिला असता तर आज धक्का बसला नसता.

प्रश्न : आम्हांला २० किंवा ३० वर्षांची मुदत निवडायची आहे. माझे थोरले बंधू म्हणतात की, महागाईमुळे पैशाचे मोल घटतच जाते, म्हणून मुदत मिळेल तितकी लांब घ्यावी. पत्नीला मात्र व्याजाचा एकूण आकडा पाहूनच घाबरायला होते. कोणाचे ऐकावे?

उत्तर : दोघांच्याही म्हणण्यात तथ्य आहे, पण आधी साधी आकडेमोड पाहू. मुदत ३० वर्षे केली तर हप्ता ८९९.७३ वरून ८०४.६२ वर येतो, म्हणजे दरमहा सुमारे ९५ वाचतात. त्याच वेळी एकूण व्याज मात्र १,१५,९३४ वरून १,८९,६६४ वर जाते. हप्ता साडेदहा टक्क्यांनी हलका होतो आणि व्याज जवळजवळ ६४ टक्क्यांनी वाढते, हा सौदा मला तरी महाग वाटतो. त्यापुढे ४० वर्षांची मुदत घेतली तर हप्ता ७७१ होतो, म्हणजे आणखी दहा वर्षे देऊन केवळ ३३ वाचतात. मुदत कितीही ताणली तरी हप्ता ७५० च्या खाली येऊच शकत नाही, कारण पहिल्या महिन्याचे व्याजच तेवढे आहे.

आता महागाईविषयी. पुढची २० वर्षे महागाई दरसाल ५ टक्क्यांनी वाढेल असे धरले, तर शेवटच्या हप्त्याचे ९०० हे आजच्या ३३९ च्या मोलाचे असतील. सगळे २४० हप्ते अशा रीतीने आजच्या मोलात आणले तर त्यांची बेरीज २,१५,९३४ न होता सुमारे १,३७,६०० होते. त्यामुळे ‘घराचे दुप्पट पैसे मोजले’ ही तक्रार अर्धीच खरी असते. वीस वर्षांनंतरचा पैसा आणि आजचा पैसा यांची सरळ बेरीज करणे योग्य नाही, एवढा बंधूंचा मुद्दा मान्य करायलाच हवा.

परंतु त्यांच्या युक्तिवादात दोन गोष्टी गृहीत धरलेल्या आहेत. महागाईबरोबर आपली मिळकतही त्याच वेगाने वाढत राहील, ही पहिली; आणि दरमहा वाचलेले ९५ हे कर आणि खर्च वजा जाता ९ टक्क्यांहून अधिक परतावा देणाऱ्या ठिकाणी खरोखर गुंतवले जातील, ही दुसरी. पहिली गोष्ट आपल्या हातात नाही आणि दुसरी बहुतेक घरांत घडत नाही. ते ९५ कुठे गेले हे महिनाअखेरीस कोणालाच सांगता येत नाही. माझे मत असे की, २० वर्षांचा हप्ता झेपत असेल तर २० वर्षेच घ्यावीत. मिळकत अनियमित असेल तर ३० वर्षांचा करार करावा, पण मुदतपूर्व परतफेडीवर दंड नाही आणि जादा भरलेली रक्कम लगेच मुद्दलात जमा होते, याची लेखी खात्री करून प्रत्यक्षात ९०० च भरत राहावे. असे केल्यास हे कर्जही २० वर्षांतच फिटते, आणि अडचणीच्या महिन्यात ८०५ वर येण्याची सोय हाताशी राहते.

प्रश्न : आमचा व्याजदर बदलता आहे. दर एक टक्क्याने वाढल्याचे पत्र नुकतेच आले, पण त्यात ‘आपला हप्ता कायम राहील’ असे लिहिले असल्यामुळे आम्ही निर्धास्त झालो. ते योग्य आहे ना?

उत्तर : नाही. याच वाक्यावर मीही एकदा निर्धास्त झालो होतो. ते पत्र मी घडी घालून कपाटात ठेवले आणि नऊ महिन्यांनी दुसऱ्याच कामासाठी उतारा काढला, तेव्हा शेवटच्या हप्त्याची तारीख काही वर्षे पुढे सरकलेली दिसली. हप्ता कायम ठेवून दर वाढला की वाढीव व्याज मुदतीत शिरते. आपल्या उदाहरणात कर्ज नवे असतानाच दर ९ वरून १० झाला आणि हप्ता ८९९.७३ च राहिला, तर २४० हप्त्यांचे साधारण ३१४ हप्ते होतात. दर साडेदहा झाला तर ४१३, म्हणजे ३४ वर्षांहून अधिक. आणि ११ टक्क्यांना महिन्याचे व्याजच ९१७ होत असल्यामुळे ९०० च्या हप्त्याने ते कर्ज कधीच फिटणार नाही. उलट शिल्लक दरमहा वाढत जाईल.

याउलट, दर १० झाल्यावर मुदत २० वर्षेच ठेवून हप्ता वाढवून घेतला तर तो ९६५ होतो. दरमहा ६५ जास्त भरल्याने एकूण व्याजात १५,६७१ ची भर पडते. हप्ता न वाढवता मुदत वाढू दिली तर हीच भर ६६,६०० च्या पुढे जाते. आपले कर्ज किती जुने आहे हे आपण लिहिलेले नाही. दहा वर्षे उलटून गेली असतील तर फारशी चिंता नको, कारण तेव्हा शिल्लक ७१,०२६ असते आणि एक टक्क्याच्या वाढीने मुदत नऊ महिन्यांनीच लांबते. पहिल्या चार-पाच वर्षांत असाल तर मात्र हप्ता वाढवून देण्याचा अर्ज याच आठवड्यात करावा.

प्रश्न : पाच वर्षे झाल्यावर कर्जाच्या दहाव्या हिश्श्याइतकी एकरकमी रक्कम हाती आली आहे. ती भरल्यावर हप्ता कमी करून घ्यावा की मुदत?

उत्तर : मुदत. पाच वर्षांनंतरच्या ८८,७०७ शिलकेतून १०,००० वजा केले आणि हप्ता तोच ठेवला, तर उरलेल्या १८० हप्त्यांचे सुमारे १४३ होतात आणि २३,४०० च्या आसपास व्याज वाचते. मुदत तीच ठेवून हप्ता कमी करून घेतला तर तो १०१ ने उतरतो आणि व्याज ८,२५७ वाचते. अर्थात, कमी झालेले १०१ दरमहा पुन्हा कर्जातच भरणार असाल तर दोन्ही मार्ग एकाच ठिकाणी पोहोचतात. पण असे नेमाने करणारे वाचक मला अजून फारसे भेटलेले नाहीत.

रक्कम लवकर भरण्याला फार महत्त्व आहे. हेच १०,००० पंधरा वर्षांनंतर भरले असते तर ४,७०० ते ४,८०० एवढेच व्याज वाचले असते. तरीही घरात सहा महिन्यांच्या खर्चाची आणि हप्त्यांची तजवीज नसेल तर आधी ती करावी, कारण कर्जात भरलेला पैसा गरज पडल्यावर त्याच दराने परत मिळेलच असे नसते.

प्रश्न : आमच्या कर्जाला पाच वर्षे झाली आहेत. दुसरी संस्था साडेआठ टक्क्यांनी कर्ज वर्ग करून घ्यायला तयार आहे. हप्ता ९०० वरून ७७० वर येईल असे त्यांनी सांगितले. दरही कमी आणि हप्ताही कमी, मग विचार कसला करायचा?

उत्तर : दर अर्ध्या टक्क्याने उतरल्यामुळे हप्ता १३० ने कमी होत नाही. एवढी घट दिसते आहे याचा अर्थ मुदत पुन्हा २० वर्षांची केलेली आहे. शिल्लक ८८,७०७ वर साडेआठ टक्क्यांनी २४० हप्ते भरले तर एकूण १,८४,७५७ जातील. आज आहे तेच कर्ज पुढे चालू ठेवले तर उरलेल्या १८० हप्त्यांत १,६१,९५१ जातात. कमी दराचे कर्ज घेऊन आपण जवळजवळ २२,८०० अधिक भरणार आहात, आणि निवृत्तीच्या जवळ आणखी पाच वर्षे हप्ते भरणार आहात ते वेगळेच.

हेच कर्ज १८० हप्त्यांवर वर्ग केले तर हप्ता ८७३.५३ येतो आणि ४,७१५ वाचतात. त्यातून नव्या संस्थेचे प्रक्रिया शुल्क, तारणाच्या कागदपत्रांचा आणि मूल्यांकनाचा खर्च, तसेच जुन्या संस्थेचे काही शुल्क असल्यास ते वजा करावे. प्रक्रिया शुल्क एक टक्का असेल तर त्यातच ८८७ जातात. शुल्काचा भार कर्ज किती वर्षे टिकते यावर अवलंबून असतो. मूळ उदाहरणातल्या ९ टक्क्यांच्या कर्जाला एक टक्का शुल्क लागले आणि कर्ज पूर्ण २० वर्षे चालले, तर खरा दर ९.१४ च्या आसपास पडतो. तेच पाच वर्षांत बंद केले तर सव्वानऊच्या किंचित वर जातो. त्यामुळे दर दोन-तीन वर्षांनी कर्ज इकडून तिकडे नेणाऱ्यांना जाहिरातीतला दर प्रत्यक्षात कधी मिळतच नाही. कर्जासोबत विमा गळ्यात घातला जात असेल आणि त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवला जात असेल, तर त्यावरही संपूर्ण मुदतभर व्याज बसते, तेही विचारून घ्यावे.

सर्व खर्च वजा जाऊनही शिल्लक राहत असेल तर कर्ज जरूर वर्ग करावे. मात्र त्याआधी याच दराची माहिती देऊन आपल्या सध्याच्या संस्थेकडे दर कमी करण्याचा लेखी अर्ज करून पाहावा. ते काम बरेचदा किरकोळ शुल्कात होते. आणि नव्या अर्जावर सही करताना मुदतीचा रकाना स्वतः पाहावा, कारण तिथे २४० आधीच भरलेले असण्याची शक्यता आहे. ते खोडून १८० लिहून घ्यावे.