छायालेखक होण्यासाठी आधी कॅमेरा घ्यावा का?

आदरणीय ताई, सप्रेम नमस्कार.

आपला मुलगा बारावी विज्ञान शाखेत शिकतो आहे, त्याला स्वतंत्र निर्मितीच्या (मोठ्या निर्मितीसंस्थांबाहेर बनणाऱ्या) चित्रपटांचा छायालेखक, म्हणजे सिनेमॅटोग्राफर, व्हायचे आहे आणि त्यासाठी कर्ज काढून महागडा कॅमेरा घेऊन द्यावा का, असे आपण विचारले आहे. माझे मत स्पष्ट आहे : आत्ता घेऊ नये. मोठ्या चित्रीकरणासाठीही कॅमेरा बहुधा भाड्यानेच आणला जातो, आणि या व्यवसायात माणसाला काम मिळते ते त्याच्या नजरेमुळे.

सत्यजित राय यांच्या चित्रपटांचे छायालेखक सुब्रत मित्र यांचे उदाहरण त्याला आवर्जून सांगा. राय यांच्या ‘पथेर पांचाली’चे (1955) छायालेखन हाती घेताना ते अवघे 21 वर्षांचे होते आणि चित्रपटाचा कॅमेरा त्यांनी तोवर चालवलेला नव्हता. मात्र फ्रेंच दिग्दर्शक झाँ रेन्वार बंगालमध्ये ‘द रिव्हर’ चित्रित करत असताना मित्र रोज केवळ पाहायला जात आणि दिवे कुठे लावले, कॅमेरा कसा हलला, याच्या आकृत्या काढून ठेवत. पुढे राय यांच्याच ‘अपराजितो’साठी (1956) बनारसच्या घराचा चौक कोलकात्याच्या स्टुडिओत उभारावा लागला. उघड्या चौकात आकाशाचा प्रकाश मऊ, जवळजवळ सावलीविना उतरतो (आपल्याकडच्या जुन्या वाड्यांतही तो तसाच उतरतो), तर स्टुडिओतल्या थेट दिव्यांनी एकेका माणसाच्या चार-चार सावल्या पडतात. मित्र यांनी चौकावर पांढरे कापड ताणले, दिव्यांचा झोत खालून त्यावर टाकला आणि परावर्तित होऊन आलेल्या प्रकाशात चित्रीकरण केले. त्यांची ओळख ठरलेली ही शैली एका अडचणीवर शोधलेले उत्तर होती, आणि ते उत्तर सुचले ते खरा चौक नीट पाहिलेला असल्यामुळे.

आपल्या काळातले अविनाश अरुण हे पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटचे विद्यार्थी. ‘मसान’चे (2015) छायालेखन त्यांचे आहे, तर कोकणच्या पावसातला ‘किल्ला’ त्यांनी दिग्दर्शितही केला आणि चित्रितही.

या संस्थेतील छायालेखनाच्या तीन वर्षांच्या अभ्यासक्रमासाठी कोणत्याही शाखेची पदवी लागते. म्हणून त्याने आधी पदवी पूर्ण करावी. भौतिकशास्त्र घेतल्यास भिंगे आणि प्रकाशमापन समजणे सोपे जाईल. प्रवेश मिळाला नाही, तरी कॅमेरा अटेंडंट, मग फोकस पुलर (चित्र सतत स्पष्ट राहील असे भिंग जुळवणारा), मग कॅमेरा चालवणारा ऑपरेटर हा कष्टाचा पण खरा मार्ग उरतोच. उत्पन्नाबद्दल मात्र आपल्याला अंधारात ठेवणार नाही : केवळ स्वतंत्र चित्रपटांवर घर चालणे अवघड असते, त्यामुळे बहुतेक छायालेखक जाहिराती, माहितीपट आणि मालिकाही करतात, आणि कामाविना महिने जाण्याची तयारी घरच्यांनाही ठेवावी लागते.

तूर्त त्याने घरातली एकच खिडकी निवडावी. महिनाभर सकाळी, दुपारी आणि दिवेलागणीला, एक्स्पोजर (कॅमेरा किती प्रकाश आत घेतो ते) न बदलता, त्या खिडकीपाशी बसलेल्या माणसाचे मोबाइलवर छायाचित्र काढावे आणि प्रत्येक वेळी प्रकाश कुठून आला, सावली किती गडद पडली, हे वहीत लिहावे. ती वही आणि छायाचित्रे मला पाठवा. मी ती बारकाईने पाहून त्याला सविस्तर लिहीन.