साधा फादर माफी देऊ शकतो का?

वसईत समुपदेशन करताना कॅथलिक बायकांकडून एक प्रश्न वारंवार येतो. गर्भपात केलेल्या बाईला साधा फादर माफी देऊ शकतो, की थेट बिशपांकडे जावं लागतं? बहुतेकदा तो मैत्रिणीचा म्हणून विचारतात.

रीटाने (नाव आणि काही तपशील बदलले आहेत) तो स्वतःचा म्हणून विचारला. चाळिशी ओलांडलेली, तक्रार झोपेची. मुलीचा पहिला ख्रिस्तप्रसाद (मिस्सात, म्हणजे चर्चमधल्या मुख्य उपासनेत, मिळणारी पवित्र भाकर) जवळ आला होता आणि त्या दिवशी आईवडीलही मुलांबरोबर तो घ्यायला पुढे जातात. रीटा कितीतरी वर्षं गेली नव्हती. ख्रिस्तप्रसादाआधी तासभर पाणी आणि औषध सोडून काही खायचं-प्यायचं नसतं, म्हणून रविवारी मिस्साला निघताना ती मुद्दाम चहा घ्यायची. कुणी विचारलंच तर सांगता यावं, "आज चहा झालाय." फक्त लग्नाच्या मिस्सात, लोक काय म्हणतील म्हणून, तिने ख्रिस्तप्रसाद घेतला होता. त्याचंही वेगळं ओझं होतं.

सतराव्या वर्षी वडिलांना कळायच्या आत आईने तिला मुंबईला डॉक्टरकडे नेलं होतं. पुढे एका रिट्रीटमध्ये (प्रार्थना शिबिरात) तिने ऐकलं की गर्भपात केला की माणूस आपोआप बहिष्कृत होतो. तेव्हापासून ती स्वतःला बाहेरचीच समजत आली.

ऐकलं ते खोटं नव्हतं, अर्धं होतं. ख्रिस्तसभेच्या, म्हणजे कॅथलिक चर्चच्या, कायद्यात ही शिक्षा आहे. 1983च्या संहितेत ती कलम 1398 मध्ये होती, डिसेंबर 2021 पासून 1397 मध्ये आहे. पण त्याच संहितेचं कलम 1324 सांगतं की गुन्हा करणारा अठराच्या आतला असेल, भयंकर भीतीपोटी ते घडलं असेल, किंवा या कृत्याला शिक्षा आहे हे त्याला स्वतःचा दोष नसताना ठाऊक नसेल, तर आपोआप लागणारी शिक्षा लागू होत नाही. यातलं एक कारणही पुरतं. रीटाच्या बाबतीत तिन्ही होती. शिक्षेचं कलम तेवढं वाचून दाखवायचं आणि पुढचं झाकून ठेवायचं, याचा मला मनापासून राग येतो. त्यापायी माणसं अर्धं आयुष्य बाकावर बसून काढतात.

शिक्षा लागली नाही म्हणजे पाप नव्हतं असं ख्रिस्तसभा म्हणत नाही, आणि रीटालाही ते म्हणायचं नव्हतं. तिला कन्फेशन, म्हणजे फादरपुढे पापाची कबुली, हवं होतं. त्यासाठी बिशपांकडे जायची गरज उरलेली नाही. करुणेच्या वर्षात, म्हणजे 2015-16 मधल्या चर्चच्या विशेष वर्षात, पोप फ्रान्सिस यांनी गर्भपाताच्या पापाची क्षमा देण्याचा अधिकार सर्व धर्मगुरूंना दिला, आणि ते वर्ष संपताना, 20 नोव्हेंबर 2016 च्या पत्राने, तो पुढेही चालू ठेवला. म्हणजे शेजारच्या चर्चमधला तरुण फादरही तिचं ऐकून क्षमा देऊ शकतो.

"पण मॅडम, आमचे फादर घरी जेवायला येतात." खरी अडचण ही होती. मी तिला सांगितलं, कोणत्याही चर्चमध्ये जाता येतं, जाळीआडून बोलता येतं, नाव सांगावं लागत नाही. कन्फेशनमध्ये ऐकलेलं फादरने उघड केलं तर तो स्वतःच आपोआप बहिष्कृत होतो आणि ती शिक्षा उठवणं रोमच्या हाती असतं. जीव वाचवायलाही त्याला ते गुपित फोडता येत नाही.

कोणतं कलम तुला लागू होतं याचा निवाडा माझा नाही, तो कन्फेशन ऐकणाऱ्या फादरचा, हेही मी स्पष्ट सांगितलं. ती दुसऱ्या गावच्या चर्चमध्ये जाऊन आली. तिथे काय बोलणं झालं ते मी विचारलं नाही. मुलीसोबत ती पुढे गेली, हे तिने आपणहून सांगितलं.

झोप सुधारली. आईवरचा राग मात्र तसाच आहे. डॉक्टरकडून परतताना आईने तिला एवढंच बजावलं होतं, "हे परत बोलायचं नाही." आई आज तिच्याच घरात राहते. आमच्या बैठका आता त्यावर चालू आहेत.